झाडण नको म्हणणारी पुष्पलता

पुष्पलताबाईले पहिल्यांदा पाहणाऱ्याले वाटते, ही बाई आत्ताच कोणाशी तरी भांडून आली. तसं काही नसते. तिचा चेहराच तसा आहे. भुवया वर चढलेल्या, पदर कमरेले खोचलेला अन् अंबाड्यात दाभण. दाभण म्हणजे पोतं शिवायची सुई, चांगली वीतभर लांब. एकदा शहर बसमध्ये एक माणूस मुद्दाम धक्के मारून राहिला होता. हिनं नुसता अंबाड्याले हात लावला. माणूस पुढच्या स्टॉपवर उतरून गेला.

मी दीपमाला. मीही पोतेच शिवते. लग्न होऊन नागपुरात आली तेव्हापासून तिच्या बाजूले बसून शिवते, अन् शिवायले तिनंच शिकवलं. मी तिले काकू म्हणते. आमचं काम म्हणजे काम नाही असं कोणी म्हटलं की माझं डोस्कं फिरते, हे आधीच सांगून ठेवते. मंग म्हणू नका का ही बाई चिल्लावते काहून.

काकूचं माहेर उमरेडचं, कोष्ट्याचं घर. बाप हातमागावर लुगडी विणायचा. माग बंद पडले, बापानं ते लाकूड चुलीत घालायले देलं नाही म्हणून माय चिडचिड करायची, असं काकू हसत सांगते. नवरा जागेश्वर, तोही कोष्ट्याचाच. घरी माग नाही, शेती नाही. जरीपटक्याच्या पलीकडे गणपतरावशेठचं धान्याचं गोदाम होतं, तिथं तो हमालीले लागला. काकू त्याचा डबा घेऊन यायची. एक दिवस तिनं पाहिलं, एक हमाल पोत्याचं तोंड कसंबसं शिवून राहिला होता, टाके इकडे अन् सुतळी तिकडे. हिले राहवलं नाही. "हे काय करून राहिले गा? पोतं आहे का गोधडी?" असं म्हणून तिनं त्याच्या हातचं दाभण ओढून घेतलं. त्या दिवशी जे ओढलं ते अजून तिच्याजवळच आहे.

आता आमच्या गोदामाची रीत सांगते, म्हणजे पुढचं समजन. ट्रकमधून माल उतरवणं, चढवणं, पाठीवर नेणं, थप्पी लावणं हे माणसांचं काम. त्याईची टोळी. टोळीचा मुकादम मारोतराव. माल चाळणं, पोत्यात भरणं, तोंड शिवणं अन् शेवटी ओटा झाडणं हे आम्हा तिघींचं. काकू, मी अन् कुसुमताई. हमालांसाठी कायदा आहे, त्याईचं मंडळ आहे. टोळीतल्या माणसाचं नाव मंडळात नोंदलं की मजुरी शेठ मंडळात भरतो, मंडळातून ती बँकेत येते, फंड कटते, दुखलं खुपलं तर दवाखान्याले मदत भेटते. अन् सगळ्यात मोठी गोष्ट, मालक त्याले मनात आलं म्हणून हाकलू शकत नाही.

आम्हाले मजुरी नव्हती. आमची झाडण होती. काम करता करता ओट्यावर जो दाणा सांडतो तो झाडून, पाखडून आम्ही तिघींनी वाटून घ्यायचा. हरभरा असला तर हरभरा, तांदूळ असला तर तांदूळ. घरी नेऊन निवडायचा, धुवायचा, वाळवायचा. पिढ्यान्‌पिढ्या हेच. अन् आम्हाले त्याची लाज नव्हती बरं, उलट ताठा होता. कुसुमताई तर नव्या सुनेले सांगितल्यासारखं मले सांगायची, "शेठपुढे हात पसरायचा नाई वं पोरी. खाली पडलं ते आपलं. आपण कोनाची मजुरी घेत नाई." मले ते लय मोठं वाटायचं. राणीसारखं.

जागेश्वरकाका छातीच्या दुखण्यानं गेला. धंतोलीच्या दवाखान्यात नेला होता, वाचला नाही. काकू तेराव्यानंतर कामावर आली अन् दाभण हातात घेतलं. तिचा पोरगा वैभव जरीपटक्यात मोबाईलच्या दुकानात लागला. पोतं उचलायले तो काही आला नाही, अन् काकूनं त्याले कधी ये म्हटलंही नाही.

यंदाच्या उन्हाळ्यात शेठनं ओट्यावर खुर्ची टाकली अन् सगळ्यांले जवळ बोलावलं. गणपतराव तसा बोलायले गोड माणूस. म्हणे, "गोदाम कुहीच्या रस्त्यावर जाऊन राहिलं. नवीन शेड बांधली. अक्षय तृतीयेले नारळ फोडू. मंडळात नोंदलेले मजूर सोबत येतील, न्यायले आणायले टेम्पो माहा. बाकीच्यायनं आपलं आपलं पाहून घ्या."

बाकीचे म्हणजे आम्ही. दुसरं होतंच कोण?

काकू तिथंच उभी राहिली. पन्नाशी ओलांडलेली बाई, गुडघे दुखतात, मागल्या गल्लीतल्या प्रत्येक गोदामात आपापल्या बाया ठरलेल्या. नवीन बाईले कोण बसू देते? इथं काम गेलं म्हणजे काम गेलंच. बाया गुपचूप घरी जातात, कोणाले खबरही लागत नाही. घरी येताना ती मले म्हणाली, "दीपा, मी नाई जाणार गुपचूप. नाव नोंदून पायजे. माहं, तुहं अन् कुसुमताईचं." मी म्हटलं, "बाप्पा! आपलं नाव कोण नोंदते काकू?" ती म्हणाली, "काहून? आपण काय रिकामं बसलो होतो का इतके वर्षं?"

मंडळाची मॅडम तपासणीले आली. मिनल मॅडम, तरणी पोरगी, उन्हानं तोंड लाल झालेलं, गळ्यात ओळखपत्र. वाईट नव्हती, हेही सांगून देते. टोळीचे माणसं तपासून झाल्यावर काकू समोर जाऊन उभी राहिली.

"मॅडम, आमचेही नावं लिहा."

"काय काम करता तुम्ही?"

"पोते शिवतो, माल चाळतो, ओटा झाडतो."

"बरं. मजुरी कोण देतं तुम्हाला?"

अन् इथं घात झाला. काकूची मान अशी ताठ झाली. "मजुरी? आम्ही कोनाची मजुरी घेत नाई, मॅडम. खाली पडलेला दाणा आमचा. कोनापुढे हात पसरत नाई." कुसुमताईनं मान हलवली. मी तर मोठ्यानं "हाव जी" म्हटलं. मॅडमनं तिघींकडे पाहिलं, मंग शेठकडे. शेठले तोंड उघडायचीही गरज पडली नाही. त्यानं आमच्यासाठी चहा मागवला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

मॅडम म्हणाली, "काकू, मजुरीच नाही तर मी तुम्हाला मजूर कसं लिहू? सांडलेलं धान्य वेचणाऱ्यांची नोंद करता येत नाही." अन् ती निघून गेली.

वेचणाऱ्या! म्हणजे आम्ही अन् ओट्यावरचे कबुतरं सारखेच की! माझ्या अंगाचा नुसता भडका झाला. तो चहा मी मोरीत ओतून टाकला. काकूनं चहाले हात लावला नव्हताच. ती पोत्यांवर बसली अन् म्हणाली, "माह्याच तोंडानं मी माहं काम बुडवलं वं." ज्या गोष्टीचा आम्हाले एवढा ताठा, तीच आमच्या गळ्याचा फास झाली. मले तिचा चेहरा पाहवला नाही.

दुसऱ्या दिवशी मुकादम मारोतराव आला. जागेश्वरकाकाचा जोडीदार तो, दोघायनं एकाच वर्षी पोतं उचललं होतं. म्हणून काकूले वहिनी म्हणते. डोक्यावरचं फडकं काढून तिच्यासमोर बसला.

"वहिनी, जागेश्वरची जागा अजून रिकामीच आहे. वारस म्हणून तुमचं नाव लावून देतो. ओझं नका उचलू, पोतेच शिवा. मंडळात मी बोलतो. वारसाचं काम लवकर होते, तपासणीही नाई लागत."

मी मनात म्हटलं, देव पावला. काकूनं दाभण बाजूले ठेवलं. मंग तिनं विचारलं, "अन् कुसुमताई? अन् ही दीपा?"

"त्याईचे नवरे कुठं टोळीत होते?"

"म्हणजे मी पोते शिवले म्हणून नाई. नवरा मेला म्हणून मजूर."

"वहिनी, कागदावरच तर लिहायचं आहे ना."

"काहून गा मारोतभाऊ, बाईले मजूर व्हायले नवरा मरायची वाट पाहावं लागते का?"

मारोतराव गडबडून गेला. त्याच्या मनात वाईट नव्हतं. पण काकूनं हात जोडले अन् सरळ नाही म्हणून सांगितलं. गोष्ट वैभवपर्यंत पोचली. तो दुकानातून तणतणतच घरी आला, मी तिथंच होती. "आई, घे ना वं ती जागा! घरात बसल्या बसल्या चालून आलं अन् तू लाथ मारून राहिली. तुले काय नेता बनायचं आहे?"

काकू चुलीवर भाकर टाकून राहिली होती. मागं वळून पाहिलं नाही. "तुह्या बापानं पाठ घासली, ते त्याचं. त्याच्या कामावर माहं नाव नाई लावायचं. हे घट्टे पाह्य." तिनं हात मागं केला. सुतळी ओढून ओढून बोटांच्या पेरांवर चिरा अन् घट्टे. "हे त्याचे नाईत. हे माहे आहेत."

वैभव न जेवता निघून गेला. मीही म्हटलं, "काकू, घेऊन टाक. आमचं आम्ही पाहू. खरंच सांगते, मी राग नाई धरणार." ती माझ्यावर डोळे वटारून म्हणाली, "गप बस वं. मोठी आली त्यागी." मले तिचा राग आला अन् रडूही आलं. घरी जाईपर्यंत मी पदर तोंडाले लावूनच चालली.

दुसऱ्या दिवशी काम सुटायच्या वेळी काकूनं ओटा झाडला, अन् रोजच्यासारखी झाडण पाखडली. पण वाटे केले नाहीत. सगळा हरभरा ओट्याच्या मधोमध ढीग करून ठेवला, बाजूले झाडू ठेवला अन् शेठले हाक मारली.

"शेठजी, हा तुमचा दाणा. आजपासून झाडण आम्हाले नको."

शेठ हसला. "अरे वा! उपकार झाले बाई."

"अन् उद्यापासून शिवायची मजुरी पायजे. रोकडा नाई, मंडळातून."

"नाही दिली तर?"

काकूनं दाभण अंबाड्यात खोचलं. "मंग तुमच्या पोत्याचे तोंडं तुम्हीच शिवा."

बोलायले सोपं आहे. घरी झाडणीवरच तर डबा भरायचा. कुसुमताईच्या घरी सून बाळंतीण, खाणारे तोंड जास्त. दुसऱ्या दिवशी आम्ही कामाच्या वेळेवर आलो अन् ओट्याच्या कडेले बसलो, काम मात्र केलं नाही. त्या ढिगावर कबुतरं उतरले. कुसुमताई पाहून राहिली होती अन् तिच्या डोळ्यातून पाणी गळून राहिलं होतं. "लक्ष्मी आहे वं ती," म्हणे. काकूनं तिचा हात धरून ठेवला. सोडला असता तर म्हातारी उठून गेलीच असती, मले पक्कं माहीत आहे.

शेठनं हमालांले सांगितलं, तुम्हीच शिवून घ्या रे. घ्या! ज्या हातानं पोतं उचलते त्या हातानं दाभण धरवते का? एकानं बोटात टोचून घेतलं, दुसऱ्यानं सुतळीचा असा गुंता केला का तो सोडवता सोडवता जेवायची सुट्टी झाली. मुकादमानं स्वतः एक पोतं शिवलं, मोठ्या ऐटीत पाठीवर घेतलं अन् फळीवरून थप्पीवर चढायले लागला. अर्ध्या फळीवर तोंड उसवलं. हरभऱ्याचा धबधबा! पाय सरकला अन् मुकादम बसल्या बसल्या फळीवरून खाली आला. आम्ही हसून हसून लोळलो. काकू हसली नाही. उठली, त्याले हात देऊन उभं केलं, अंगावरचा हरभरा झटकला अन् वापस येऊन जागेवर बसली.

मारोतराव कंबर धरून म्हणाला, "वहिनी, शिवून द्या ना वं."

"टोळीतली आहो का मी?"

त्यानं टोळीकडे पाहिलं. मागून एक हमाल बोलला, "बाया टोळीत आल्या तर आमचा हिस्सा कटते ना."

तेव्हा काकू उसळली. "तुमचा हिस्सा कोनाले पायजे गा? उचलायची मजुरी तुमची, तुम्हीच खा! मी माह्या शिवायची मागून राहिली, शेठजवळून, तुमच्या ताटातून नाई. इतके वर्षं तुमच्या पाठीवर जे चढलं ते माह्या टाक्यावर चढलं. एकाही पोत्यानं तुमची मान मोडली का? सांगा ना! एक तरी सांगा!" तरी बायांले टोळीत घ्या असं काही कोणी म्हटलं नाही. त्या दिवशी अर्धाच ट्रक भरला.

अन् मंग शेठनं मशीन आणली. हातात धरायची पोते शिवायची मशीन, विजेवर चालणारी, अन् ती चालवायले एक भाड्याचा माणूस. घर्रर्र केलं की टाके पडून राहिले, सरळ रेघेसारखे. जेवायच्या आधी सगळे पोते शिवून उभे. शेठनं आमच्याकडे पाहिलंही नाही. पाहायची गरजच काय होती? मी डबा उचलला. कुसुमताई तर केव्हाचीच उभी होती. काकू बसूनच होती, पण तिच्या तोंडावरचं रक्त उतरलं होतं. मी तिले तसं कधी पाहिलं नव्हतं, काका गेला तेव्हाही नाही.

ट्रक लागला. मारोतराव पहिल्या पोत्याजवळ गेला. हात घातला, अन् तसाच थांबला.

आता हे समजून घ्या. आम्ही पोत्याचं तोंड शिवतो तेव्हा दोन्ही टोकांले पोत्याचंच मूठभर तागाचं कापड गोळा करून सुतळीचे वेढे देतो. त्याले कान म्हणतात. हमाल त्या कानांले धरूनच पोतं उचलते. मशीननं सरळ शिवलेल्या पोत्याले कान नसतात.

"याले कान नाई," मारोतराव म्हणाला.

"मग काय झालं?" शेठ म्हणाला.

"बिना कानाचं पोतं आम्ही नाई उचलत."

खरं सांगू? उचलता आलं असतं. दुनियाभरचे हमाल मशीनचे पोते उचलतात, त्यात काही मोठं नाही. मारोतरावलेही माहीत होतं, शेठलेही, अन् त्या ट्रक ड्रायव्हरलेही. पण मारोतरावनं डोक्यावरचं फडकं काढलं, झटकलं, अन् ओट्यावर काकूच्या बाजूले, थोडं अंतर ठेवून, बसला. मंग दुसरा आला. मंग हिस्सा कटते म्हणणाराही आला. सगळी टोळी ओट्यावर बसून गेली. मी डबा खाली ठेवला.

नंतर मी मुकादमाले विचारलं, तुम्ही काहून बसले जी? तो म्हणाला, "आज बाईच्या जागी मशीन आली. उद्या माह्या पाठीच्या जागी माल वाहणारा चालता पट्टा येईन. मंग माह्याजवळ कोन बसन?"

ट्रकवाला बोंबलून राहिला, उन्हात माल तापून राहिला. शेठ भडकला. गोड बोलणं कुठल्या कुठं गेलं. फोन काढून त्यानंच मंडळात तक्रार केली का टोळी काम नाकारते, ताबडतोब माणूस पाठवा. अन् कोण आलं? तीच मिनल मॅडम.

शेठ तिच्या मागं मागं फिरून सांगून राहिला, बघा मॅडम, कायद्यानं तुमचे मजूर आहेत, काम करत नाहीत. मॅडमनं मुकादमाले विचारलं, "का उचलत नाही?"

"पोते शिवलेले नाईत, मॅडम."

"हे शिवलेलेच तर आहेत."

"हे आमच्या टोळीनं नाई शिवले."

"तुमच्या टोळीत शिवतं कोण?"

मारोतरावनं बोट दाखवलं. "पुष्पलता वहिनी. अन् ह्या दोघी, दीपमाला अन् कुसुमताई." मंग अजून जोरात, जसं काही दूर कोणाले ऐकवायचं आहे, "आमच्याच टोळीच्या आहेत."

शेठ ओरडला, "खोटं! मी यांना एक रुपया मजुरी देत नाही!"

"म्हणजे इतकी वर्षं फुकट काम करून घेतलंत?" मॅडमनं विचारलं.

आता गणपतराव मोठा व्यापारी, समाजात मान, गणपतीत मोठी वर्गणी. चार लोकांत फुकट्या म्हटलेलं त्याले कसं सोसवन? छाती पुढे काढून म्हणाला, "फुकट कसं? झाडण कोण नेत होतं? शिवायच्या मोबदल्यातच तर देत होतो! माझ्या घरचा माल खाल्लाय यांनी, विचारा!"

मॅडमनं पेन काढलं. "पुन्हा सांगा शेठजी, लिहून घेते," ती म्हणाली. शेठले काय बोलून गेलो ते तेव्हा उमगलं, पण ऐकणारे इतके होते का गिळायले जागा नव्हती.

काकू उठली. मॅडमसमोर गेली. "त्या दिवशी मी चुकली होती, मॅडम. मले वाटलं दाणा आमचा मान आहे. तो मान नव्हता, मजुरी होती. कमी होती, पण मजुरी होती. आता लिहा."

अक्षय तृतीयेचं नारळ फुटायच्या आधी आम्हाले नाव नोंदायले मंडळाच्या कचेरीत बोलावलं. शेठनं आम्हाले अन् टोळीले मिळून टेम्पोच दिला, अन् बाहेर उभा ठेवला, कारण तिथून सरळ कुहीच्या रस्त्यावर नव्या शेडमध्ये जायचं होतं. काकूनं लग्नातलं लुगडं नेसलं होतं. उमरेडचं, बापाच्या मागावरचं. वैभव दुकानातून सुट्टी घेऊन आला होता. तोंड पाडून एका कोपऱ्यात उभा होता, पण आला होता.

माझं नाव झालं, कुसुमताईचं झालं. काकूनं सही करायले पेन घेतलं अन् थांबली. वाचता येते तिले, चौथी शिकली आहे. बोट ठेवून म्हणाली, "मॅडम, हे काय? कामाची सुरुवात, आजची तारीख?"

मॅडमचा आवाज खाली गेला. "नोंदणी झाली त्या दिवसापासूनच धरतात, काकू. मागचं धरायचा नियम नाही."

"म्हणजे मागचे सगळे वर्षं मी कुठं होती?"

फंड, म्हातारपणाचा पैसा, सगळं त्या तारखेपासून मोजणार, हे आम्हाले सगळ्यांले समजलं. काकूजवळ आता वर्षं किती उरले? मले इतका संताप आला का ते टेबल उलथून टाकावंसं वाटलं. कुसुमताई हळूच म्हणाली, "जाऊ दे वं पुष्पा. भेटलं ते घे." मुकादम जमिनीकडे पाहत होता.

काकूनं पूर्ण नाव लिहून सही केली. सावकाश, एकेक अक्षर. पेन वापस दिलं. मॅडमनं देलेलं नोंदणीचं कार्ड पदरात बांधलं. मंग विचारलं, "नियम तुम्ही बनवला का, मॅडम?"

"नाही हो. मी कशाला?"

"मंग ज्यानं बनवला तो साहेब कुठं बसते?"

मॅडमनं बोट वर केलं. "वरच्या मजल्यावर. पण भेटतील की नाही, सांगता येत नाही."

आम्ही बाहेर निघालो. सगळे पायऱ्या उतरायले लागले, हमाल एकमेकांले टाळ्या देऊन राहिले, कोणी पेढे आणायले पळालं. मी मागं वळून पाहिलं तर काकू आमच्यात नव्हती. ती वर चढून राहिली होती, एका हातानं कठडा धरून, दुखऱ्या गुडघ्यानं, एकेक पायरी.

मुकादम खालून ओरडला, "वहिनी! टेम्पो उभा आहे ना वं!"

"राहू दे उभा," काकू वरून म्हणाली. "माहे वर्षं घेऊन येते."

वैभव पळत गेला अन् त्यानं तिचा दुसरा हात धरला. मी कुसुमताईले म्हटलं, चाल. अन् आम्हीही वर चढायले लागलो.